सगळा गाव डावरा

“काडी पेटवायची न्हाई, तर मग हलगी शेकायची कशी?”

आमच्या फिल्म-भांडाराच्या दारात, ‘आत ज्वालाग्राही पदार्थ नेऊ नयेत’ या लाल पाटीच्या बरोबर खाली उभे राहून एक गृहस्थ मला हा प्रश्न विचारीत होते. डोक्याला गुलाबी फेटा, अंगात त्याच दिवशी घडी मोडलेला पांढरा सदरा आणि काखेत टॉवेलात गुंडाळलेली हलगी. कातडे गरम करून ताणल्याखेरीज हलगी बोलत नाही, हे मला ठाऊक होते. पण माझ्या पाठीमागे अकरा हजार डबे फिल्म होती आणि त्या भांडाराचा प्रमुख मी होतो.

“इथे हलगी वाजवायची नाही,” मी म्हणालो. “इथे फक्त पाहायचे असते.”

“बगायलाच आलोय. पर बगून झाल्यावर हात गप बसत्यात व्हय?”

त्यांच्या मागून एक बाई पुढे झाल्या. हिरवे लुगडे, कपाळभर कुंकू, हातात झाकण घट्ट बसवलेला पितळी डबा. “आवं, साहेबास्नी आदी रामराम तरी घाला. आल्या आल्या जाळच मागायलाय!”

ज्ञानू बाळा आवळे आणि त्यांच्या पत्नी गौराबाई; गाव चिंचघोळ. ही हकिगत १९९६ सालची, दिवाळीच्या आधीच्या आठवड्यातली. त्यांना कोल्हापुरात माझ्याकडे घेऊन आली होती वैजयंती सरनोबत. ती आमच्या नदीवरच्या बंधाऱ्यांविषयी दूरदर्शनसाठी अर्ध्या तासाचा माहितीपट करीत होती. वय अठ्ठावीस, खांद्याला झोळी, बोलणे भरभर. पण कामाला पक्की. महिनाभरात तिने माझ्याकडून जुन्या चित्रणाचे नऊ तुकडे नेले होते आणि नऊही वेळा पावतीवर सही स्वच्छ केली होती. माझ्या लेखी ही मोठी शिफारस होती.

“सर, एक घोळ झालाय,” ती म्हणाली. “चिंचघोळच्या बंधाऱ्याचा तुकडा आहे ना, त्यातली हलगी ज्ञानूमामा म्हणतात मी वाजवली. तुमच्या कार्डावर दुसऱ्याच माणसाचं नाव आहे.”

“कार्डावर आहे ते बरोबर आहे,” मी म्हणालो.

मी तंत्रनिकेतनातून सिने-अभियांत्रिकीची पदविका घेऊन बाहेर पडलो, तेव्हा आमच्या प्राध्यापकांनी एक वाक्य आमच्याकडून पाठ करून घेतले होते: जे मोजता येते ते मोजा, जे मोजले ते लिहा, जे लिहिले त्यावर विसंबा. एकवीस वर्षे मी त्याच वाक्यावर नोकरी केली होती. प्रत्येक डब्याला क्रमांक, प्रत्येक क्रमांकाला कार्ड. डबा क्रमांक ४१७, तिसरा तुकडा, शंभर फूट, पावणेतीन मिनिटे, आवाज नाही. विषय : चिंचघोळ-उपराळे बंधारा, पहिले पाणी अडवणे, डिसेंबर १९५६. खाली वेगळ्या ओळीत : हलगीवादक (डावखुरा) : पिराजी सोनुले, उपराळे.

हे नाव कार्डावर कसे आले ते मला चांगले आठवत होते. पण त्या क्षणी ते सांगण्याची आवश्यकता मला वाटली नाही.

“पिराजी!” ज्ञानूंनी नाव असे उच्चारले, की जणू दातात खडा आला. “दुसऱ्या साली वाजवली त्येनं. पैल्या साली मी. पाच-सहा तास वाजवली, साहेब. हाताला फोड आलं हुतं.”

“दादाबी तसंच सांगतोय,” गौराबाई शांतपणे म्हणाल्या. “फोडासकट.”

मी त्यांच्याकडे पाहिले.

“पिराजी माझा थोरला भाऊ, साहेब. माझं माहेर उपराळे. नदीच्या ह्या अंगाला नवरा, त्या अंगाला भाऊ, मधी बंधारा. त्या दिवशी मी आजोळी हुतो, न्हाईतर ह्या दोघांचं कान तवाच पिळलं असतं.”

मग वैजयंतीने मला सर्व नीट सांगितले. आमचा बंधारा म्हणजे नदीत ओळीने उभे केलेले दगडी खांब. पावसाळा सरला, की खांबांच्या खाचांत लाकडी फळ्या घालायच्या आणि पाणी अडवायचे. या फळ्यांना बरगे म्हणतात. बरगे दरसाल घालावे लागतात आणि पहिला बरगा बसताना हलगी वाजते. ही पहिली हलगी कोणी वाजवायची, याचा मान असतो. चिंचघोळात तो मान ज्ञानूंचा होता. १९८५ साली दूरदर्शनवर एका कार्यक्रमात आमच्या ४१७ क्रमांकातला अठरा सेकंदांचा तुकडा दाखवला गेला आणि त्याबरोबर आमच्या कार्डावरचे नाव वाचून सांगितले गेले. उपराळ्याने पिराजींना शाल-नारळ दिला. मान नदी ओलांडून गेला. पुढे आणखी दोन कार्यक्रमांत तोच तुकडा, तेच नाव. साक्षीदार दोन्ही काठांना होते. पण ज्या काठाचा साक्षीदार, त्या काठाची साक्ष. चिंचघोळची पोरे ज्ञानूंना ‘टीव्हीत नसलेले मामा’ म्हणू लागली. ज्ञानूंनी मेव्हण्याशी बोलणे टाकले. त्या वर्षापासून गौराबाई भाऊबीजेला माहेरी गेल्या नव्हत्या.

“अकरा भाऊबीजा,” गौराबाई म्हणाल्या. “मोजल्यात मी.”

“परवा माझं संकलन बंद होतंय,” वैजयंती म्हणाली. “पिराजीमामांची मुलाखत घेऊन झालीय, तुकड्याची जागा ठरलीय. पण हे काल बंधारा ओलांडून माझ्या गाडीपुढे येऊन उभे राहिले. म्हणाले, मला एकदा दाखव, मग जे दिसंल ते मी मान्य करतो. सर, एकदा दाखवूया. चौथ्यांदा खोटं नाव वाचायची माझी इच्छा नाही. आणि खऱ्याला खोटं म्हणायचीही नाही.”

मागणी रीतसर होती. मी ४१७ काढला.

पाहणीच्या खोलीत आम्ही चौघे दाटीवाटीने बसलो. टेबलावर डावीकडे भरलेले रीळ, उजवीकडे रिकामे, मध्ये पाटीएवढा काचेचा पडदा. मी दिवा मालवला. प्रथम दुसऱ्याच कोणत्या तरी रस्त्याचे उद्घाटन गेले, मग एक पशुप्रदर्शन, आणि मग नदी आली.

गर्दी. खांब. पाण्यात कमरेइतके उभे असलेले गडी बरगा खाचेत बसवताहेत. कॅमेरा वळला, आणि फेट्याखाली अर्धा चेहरा झाकलेला एक सडपातळ तरुण छातीशी हलगी धरून वाजवताना दिसू लागला. आवाज अर्थातच नव्हता.

“मीच!” ज्ञानू खुर्चीतून उठलेच. “हलगीच्या कडंला ठिगळ बगा! माझ्या बाच्या हातचं हाय त्ये! गौरे, बग, कसा दिसत हुतो!”

“बरा दिसत हुतासा,” गौराबाई म्हणाल्या. “मला दाखवाय आणलं तवा एवढं कुठं हुतं?”

आणि मग ज्ञानूंचे हसू थांबले. ते पडद्याच्या जवळ गेले. आपला उजवा हात वर धरून त्यांनी त्याच्याकडे पाहिले, मग पडद्याकडे, मग पुन्हा हाताकडे. पडद्यावरचा तरुण जाड टिपरू डाव्या हातात धरून घणाघाती टोले मारीत होता आणि उजव्या हातातली बारीक काडी कडेवर नाचवीत होता.

“डाव्यानं वाजवतोय,” ज्ञानू म्हणाले.

त्यांचा उजवा हात हळूहळू खाली आला.

“डाव्यानं तर पिराजी वाजवतोय. अख्ख्या नदीकाठाला डावरा त्यो एकटाच.” ते खाली बसले. फेटा काढून त्यांनी मांडीवर ठेवला. आवाज एकदम म्हातारा झाला होता. “म्हंजे मी न्हवंच. चाळीस वर्सं मला वाटतंय मी हाय. फोड सुदिक आठवत्यात. पर फिल्म कशी खोटं बोलंल, साहेब? माणूस बोलतंय.”

मला वाईट वाटले, हे खरे. पण आतून एक समाधानही झाले, हेही लपवून ठेवत नाही. कार्ड बरोबर होते. अठरा सेकंदांचा तुकडा संपत आला आणि नेहमीप्रमाणे मी यंत्र थांबवण्यासाठी हात पुढे केला.

“थांबवू नगा, साहेब,” गौराबाई म्हणाल्या. “म्होरं अजून हाय का?”

“आहे. दोन मिनिटे. पण त्यात हलगी नाही. पूजा, प्रसाद, गर्दी.”

“त्येच बगाय तर मी आलो. आमची आई त्या दिवशी प्रसादाला गेली हुती. आईचा फोटू न्हाई आमच्याकडं. दिसली तर दिसली.”

एकवीस वर्षांत त्या दोन मिनिटांची मागणी कोणी केली नव्हती. सर्वांना हलगीच हवी असे. मी स्वतःही तो भाग सलग कधी पाहिला नव्हता. फक्त फूट मोजले होते. मी हात मागे घेतला.

पडद्यावर पुजारी आला. मागे टोपी घातलेले कोणी अधिकारी, कोटाच्या खिशात रुमाल. परातीत प्रसाद. मग रांग सुरू झाली. एक शेतकरी पुढे झाला, हात पुढे केला, प्रसाद घेतला, कपाळाला लावला. दुसरा. तिसरा. एक म्हातारी. कडेवर पोर असलेली एक बाई.

गौराबाई आधी नुसत्या पुढे वाकून पाहत होत्या. मग त्यांच्या घशातून एक चमत्कारिक आवाज आला. मला वाटले, आई दिसली आणि रडू आले. तर त्या हसत होत्या. पदराचा बोळा तोंडाशी धरून, डोळ्यांतून पाणी येईतो हसत होत्या.

“काय झालं गं?” ज्ञानूंनी विचारले.

“आवं, हात बगा की! समदी डाव्या हातानं प्रसाद घ्यायल्यात! म्हातारी बी डाव्या हातानं! आन ह्यो बामण बी डाव्याच हातानं द्यायलाय! एकटा पिराजी डावरा म्हंता, हितं सगळा गाव डावरा झालाय का काय!”

मी यंत्र थांबवले. चित्र पडद्यावर गोठले. कडेवर पोर घेतलेल्या त्या बाईचा हात पुढे होता. डावा.

“ही आई,” गौराबाई एकदम हळू आवाजात म्हणाल्या. “कडंवर धाकटा सर्जेराव. पर आईनं पदर असा उजव्या खांद्यावर कवा घेतला? आमच्यात कोण घेतंय असा?”

मी अधिकाऱ्याच्या कोटाकडे पाहिले. छातीवरचा खिसा आणि त्यातला रुमाल उजव्या बाजूला होते. जगातला कोणताही शिंपी तो खिसा तिथे लावीत नाही.

दिवा लावून मी फिल्म यंत्रातून सोडवली आणि नदीचा तुकडा जिथे जोडला होता ती जागा शोधली. फिल्मला दोन बाजू असतात. एक चकचकीत, दुसरी मंद. मंद बाजूवर चित्राचा लेप असतो. अंधारात बाजू ओळखायची तर फिल्मची कड ओलसर ओठाला लावायची. लेपाची बाजू किंचित चिकटते. मी कड ओठाला लावली. चिकटली. शेजारच्या पशुप्रदर्शनाची कड लावली. तीही त्याच बाजूने चिकटली. सारे लेप एका बाजूला, अगदी शिकवल्याप्रमाणे.

आणि तिथेच चूक होती. पशुप्रदर्शन ही नक्कल होती; नदीचा तुकडा कॅमेऱ्यातून निघालेली मूळ फिल्म होता. मुळाचा आणि नकलेचा लेप परस्परांच्या उलट बाजूंना असतो. दोघांचे लेप एका बाजूला आणले, की एकाचे चित्र आरशात जाते. तुकड्याला दोन्ही कडांनी छिद्रे असल्यामुळे यंत्रानेही कुरकूर केली नव्हती. ज्याने जोड दिला, त्याने नियम पाळला होता, आणि पडद्याकडे पाहिले नव्हते.

जोडाशेजारी, फिल्मच्या कडेला, काळ्या शाईने बारीक अक्षरांत लिहिलेले होते : दि. शि., १९७५.

“सर, ही जुन्या लॅबची चूक असणार,” वैजयंती माझ्या खांद्यावरून वाकून म्हणाली. “कुणी तरी उलटी जोडली. तसं सांगून टाकू. कोण विचारतंय?”

“कार्ड विचारील,” मी म्हणालो. “हा दि. शि. म्हणजे मीच. दिगंबर शिरगावकर. नोकरीचे पहिले वर्ष.”

आता उरलेलेही सांगणे भाग होते.

“वादक डावखुरा दिसतो, म्हणून मी चौकशी केली होती. या नदीकाठी डावखुरा हलगीवाला कोण? सर्वांनी एकच नाव सांगितले. मी ते लिहिले. ज्ञानूमामा, तुमचा मान मी नेला. गौराबाई, अकरा भाऊबीजा माझ्याकडे लागतात.”

मी मान खाली घातली होती. एकवीस वर्षांत त्या टेबलासमोर मी प्रथमच उभा राहिलो होतो, आणि हात कुठे ठेवावेत ते मला कळत नव्हते.

“साहेब,” ज्ञानू म्हणाले, “तुमी काय मुद्दाम उलटं घातलंसा?”

“नाही.”

“मग सुलटं घाला की! बोलत काय बसलाय?”

गौराबाईंनी पुन्हा पदर तोंडाशी धरला.

मी दोन्ही जोड कापले, तुकडा पालथा केला, नवे जोड दिले. वीस मिनिटे लागली. मग पुन्हा दिवा मालवला.

नदी आली. गडी आले. कॅमेरा वळला, आणि तो सडपातळ तरुण उजव्या हाताने हलगी वाजवू लागला.

ज्ञानू या वेळी उठले नाहीत. त्यांचे दोन्ही हात आधी मांडीवर हलले, मग टेबलाच्या कडेवर आले. उजव्या हाताची मूठ आणि डाव्या हाताचे एक बोट. टक, टकटक, टण. पडद्यावरचे टिपरू खाली आले, की मूठ खाली येत होती. काडी थरथरली, की बोट थरथरत होते. अंतर एका चित्राचेही नव्हते. चाळीस वर्षांपूर्वीचा मुका मुलगा टेबलाच्या लाकडातून बोलू लागला.

“बरगा बसतानाची चाल हाय ही,” वाजवता वाजवताच ते म्हणाले. “आता बगा, पाणी चढलं, आता दुडकी... हां! आता थांबणार. ह्यो बगा थांबला!”

पडद्यावरचा तरुण थांबला.

“सर,” वैजयंती कुजबुजली, “ह्या तुकड्याला आवाज मिळाला.”

“इथे नाही,” मी ताबडतोब सांगितले. “हलगी शेकावी लागेल.”

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही वैजयंतीच्या जीपमधून निघालो. बरोबर टीव्ही, सुलट्या चित्रणाची कॅसेट, ध्वनिमुद्रणाचे यंत्र आणि माझ्या खिशात एक कोरे कार्ड. पण आम्ही चिंचघोळला थांबलो नाही. गौराबाईंनी जीप सरळ उपराळ्याच्या शाळेपुढे न्यायला लावली.

“आदी दादा,” त्या म्हणाल्या. “बाकी समदं मागनं.”

वैजयंतीने निरोप पाठवून बोलावलेले पिराजी सोनुले शाळेच्या पायरीवर येऊन उभे राहिले. साठी उलटलेले, उंच, काठीसारखे ताठ. बहिणीकडे पाहिले, मेव्हण्याकडे पाहिले, आणि डाव्या हाताने मिशी चाचपीत विचारले, “पावणं वाट चुकलं काय?”

“फिल्म चुकलीया,” ज्ञानू म्हणाले. “आत चला.”

खिडक्यांना घोंगडी लावून वर्गात अंधार केला होता. वैजयंतीने टीव्हीवर कॅसेट लावली. पिराजींनी ते चित्रण एकदा पाहिले, मग म्हणाले, “पुन्यांदा लाव, पोरी.” दुसऱ्यांदा पाहून झाल्यावर त्यांनी काठी भिंतीला टेकवून ठेवली.

“माजी हलगी न्हवं ही,” ते म्हणाले. “हिला ठिगळ हाय. मला वाटलंच हुतं.”

“काय वाटलं हुतं?” ज्ञानूंनी दरडावून विचारले. “अकरा वर्सं शाल पांघरून बसलासा, आन वाटलं हुतं?”

“आवं दाजी, ऐका तरी. पैल्यांदा टीव्हीवर बगितलं, तवा मी म्हटलं, ह्यो काय मी न्हवं. मी दुसऱ्या सालचा. तर पोरं म्हणली, तात्या, डावरा हाय, म्हंजे तूच. साहेब लोकांनी लिवलंय. दुसऱ्यांदा बगितलं, तवा वाटलं, असंन बी. आन तिसऱ्यांदा बगितलं, तवा मला त्या दिवशीचं ऊन सुदिक आठवाय लागलं! फोड आठवलं, फोड!”

ज्ञानूंचे खांदे हसण्याने हलू लागले.

“आन मला माजं ऊन इसराय लागलं हुतं,” ते म्हणाले. “काल घटकाभर मी बी म्हणत हुतो, पिराजीच असंल.”

“म्हंजे दोघं बी खुळं,” गौराबाई म्हणाल्या. “आन मी शाणी असून घरात बसलो. दादा, आईला बगितलंस का?”

“बगितलं. सर्जेराव कडंवर हुता.” पिराजींनी काठी पुन्हा हातात घेतली. “गौरे, औंदा भाऊबीजेला येतीस न्हवं?”

“वाट काय लांब हाय? बंधाऱ्यावरनं चालत निगालो की पोचलो. अकरा वर्सं त्यो बंधारा मला समिंदर झाल्ता.”

योगायोग असा, की त्याच सकाळी बरगे घालायचे होते. किंवा तो योगायोग नसावा; वैजयंतीने ती तारीख पाहूनच सर्व बेत आखला असावा, असे मला आज पंचाहत्तरीत वाटते. बंधाऱ्यावर दोन्ही गावे जमली होती. काठावर उसाच्या वाळल्या पाल्याचा ढीग रचलेला होता. ज्ञानूंनी हलगी टॉवेलातून काढली आणि माझ्यापुढे काडेपेटी धरली.

“साहेब, हितं पाटी न्हाई. काडी तुमीच पेटवा.”

मी पेटवली. पाला भडकला, कातडे तापले, ज्ञानूंनी बोटाने टिचकी मारून कान लावला आणि मान हलवली. पिराजींनी सर्वांच्या देखत हात जोडले. “पैली हलगी दाजींची. ज्याची हाय त्येची.”

बरगा खाचेत उतरू लागला. ज्ञानूंनी पहिला टोला दिला, आणि दोन्ही काठांवरची गर्दी एका क्षणात गप्प झाली. वैजयंतीने कानाला हेडफोन लावून, डोळे मिटून, संपूर्ण चाल मुद्रित केली. तिला हवी होती तेवढी, तिथून तिथपर्यंत. मग तिने हात वर करून ‘झाले’ अशी खूण केली.

पण झाले नव्हते. पिराजी कोणाची तरी हलगी घेऊन पुढे आले आणि मेव्हण्यासमोर उभे राहिले. एकाचे टिपरू उजव्या हातात, दुसऱ्याचे डाव्या. समोरासमोर. दोन्ही टिपरी एकाच बाजूला वर जात होती आणि एकाच क्षणी खाली येत होती. दोन फेटे एकाच बाजूला झुलत होते. माणूस आरशापुढे उभा राहावा, तसे. एकवीस वर्षे जो आरसा मी नकळत एका डब्यात बंद करून ठेवला होता, तो भर उन्हात बंधाऱ्यावर उभा होता आणि नाचत होता. पाणी चढू लागले. पोरे ओरडू लागली. वैजयंतीने यंत्र पुन्हा सुरू केले.

मी खिशातले कोरे कार्ड काढले, गुडघ्यावर धरले आणि तिथेच लिहायला बसलो. डबा ४१७, तिसरा तुकडा. हलगीवादक : ज्ञानू बाळा आवळे, चिंचघोळ. प्रसाद घेणाऱ्यांत, कडेवर मूल असलेल्या बाई : यांचे नाव काय, हे विचारण्यासाठी मी मान वर केली, तर गौराबाईच पितळी डबा उघडून समोर उभ्या होत्या. देवापुढे ठेवून आणलेले शेंगदाण्याचे लाडू.

“चंद्राबाई,” त्या म्हणाल्या. “चंद्राबाई लक्ष्मण सोनुले. ल्ह्या नीट. आन ह्यो घ्या प्रसाद.”

मी नाव लिहून पुरे केले आणि, पेन उजव्या हातात होते म्हणून, डावा हात पुढे केला.

गौराबाईंनी लाडू मागे घेतला.

“उजवा, साहेब, उजवा! न्हाईतर लोक म्हणतील, फिल्म परत उलटी घातली.”

मी पेन कानावर अडकवले आणि उजवा हात पुढे केला.